ओटीलीबाईंचा होणारा खुनी जावई

हाले, गुरुवार

चि. डेटलेफ,

थोरल्या भावाचा पोटभर आशीर्वाद. तुझा गुडघा आता जिना चढू देतो का? तुझ्या बायकोच्या, अ‍ॅनेग्रेटच्या, कोबीवरच्या गोगलगाई हटल्या का? इकडे मी ठणठणीत आहे. फक्त अडुसष्टाव्या वर्षी माझं लग्न ठरलंय आणि ते माझ्या धंद्यापायी मोडायच्या बेतात आहे, एवढंच.

नवरी गुडरून. स्टुडिओत कपडेपट सांभाळते. माझ्या शर्टांवरचं खोटं रक्त धुता धुता तिचा माझ्यावर जीव जडला (बीटाचा रस लवकर निघत नाही, त्यामुळे विचार करायला भरपूर वेळ मिळाला, असं ती म्हणते). तिच्या आई ओटीलीबाई नव्वदीच्या, आणि टीव्हीवरची रविवार रात्रीची ती खुनाची मालिका त्यांनी आजवर एकदाही चुकवलेली नाही. त्या मालिकेत माझं काय चालतं ते तू जाणतोसच. ट्राम चालवायची सोडून मी या नटव्यांच्या नादी लागलो, कुठल्या शाळेत शिकलो नाही, पहिल्या चित्रपटात तर नुसता पाठमोरा उभा होतो. मग एका दिग्दर्शकाने मला पुढून पाहिलं आणि या जुळलेल्या भुवया त्याच्या नजरेत भरल्या. तेव्हापासून जो खुनी झालो तो झालो. तीन बायकांना विष घातलं, एका वकिलाला साले नदीत ढकललं, एका पाद्र्याला घंटेच्या दोरीने... जाऊ दे, तू जेवत असशील. मी पडद्यावर आलो रे आलो की अख्खा देश ‘हाच तो!’ म्हणतो आणि उरलेला वेळ निवांत पाव-चीज खातो.

तर परवा त्यांच्याकडे कॉफीला गेलो. आलुबुखाराचा केक स्वतः भाजून नेला. ओटीलीबाईंनी बशी परत माझ्याकडे सरकवली. “आधी तुम्ही खा.” खाल्ला. “गिळा.” गिळला. मग मी आडवा होतो का, हे बघत त्या बराच वेळ टक लावून बसल्या. गुडरून हसून हसून टेबलाखाली. शेवटी म्हातारीने निकाल दिला, “येत्या रविवारी तुमचा भाग आहे ना? त्यात खुनी निघालात तर माझी पोरगी विसरा.”

अरे, मी खुर्चीतून उडालोच! कारण जन्मात पहिल्यांदा या भागात मी निर्दोष आहे! साधा माळी. गुलाब छाटतो, माणसं नाही. खुनी निघते दातांची डॉक्टरीण. (शेवट कोणाला सांगायचा नाही असं करारात आहे, पण सख्खा भाऊ काही ‘कोणी’ नव्हे.) म्हातारीपुढे मात्र मी नुसता छातीवर हात ठेवला. “खुनी छातीवरच हात ठेवतात,” त्या म्हणाल्या आणि केकचा दुसरा तुकडा उचलला.

रविवारी रात्री दूध का दूध होईल. काळजी नसावी.

तुझा बुर्कहार्ट

ता. क. : आत्ताच दिग्दर्शकाचा फोन. शेवट दोन चित्रित केले होते, पण माझ्या खुनाचा वापरायचा नाही असं ठरलं होतं. वाहिनीवाले म्हणाले, एवढ्या भुवया वाया कशाला घालवता? म्हणजे खुनी मीच, गुलाबाच्या कात्रीने! बाबा रे, उभा जन्म तू विजेच्या तारांत घालवलास, आता भावाच्या उपयोगी पड. रविवारी ओटीलीबाईंकडे जेवायला ये, आणि भाग संपत आला की गुपचूप तळघरात उतरून इमारतीचा मेन स्विच पाड.

ता. क. दुसरा : पाकीट चिकटवण्याआधी गुडरूनने हे वाचलं. डोळे पुसत (हसून आलेलं पाणी) तिने सांगितलं, की आईने अट घातली ती फक्त माझ्याकडून शेवट काढून घ्यायला. माझा छातीवरचा हात पाहिल्यावर म्हातारीने जिन्यावरच्या सगळ्या शेजाऱ्यांशी पैज मारली आहे, ‘खुनी आमचा जावईच!’ जिंकली तर घरटी एक बाटली, अंड्याची गोड दारू. लग्नात तीच पाजायची ठरलंय. तेव्हा ये, पण तळघराकडे फिरकू नकोस. मला शांतपणे खून करू दे.