मागच्या सीटचा नियम

प्रिय प्रेमला,

नाही, मला ह्या वयात स्कूटर चालवायची हौस आलेली नाही. तू विचारलं नाहीस, पण विचारशील, म्हणून आधीच सांगून ठेवते. खडकी बाजारात जो तो हेच विचारतोय. दूधवाला विचारतो, समोरची टेलरीण विचारते, काय नसीमबानू, आता रेस लावणार का? रेस कसली डोंबलाची. घरातल्या माणसाला एक दिवसाआड विश्रांतवाडीला डायलिसिसला न्यायचं, परत आणायचं, त्याला लोक हौस म्हणतात. फोनच केला असता तुला. पण आमची खोली एक, त्यात ह्यांची खाट, आणि डोळे गेल्यापासून ह्यांचे कान असे झालेत की मी भिंतीपलीकडे कुजबुजले तरी इकडून उत्तर येतं. म्हणून लिहितेय. सातवी पास बाईचं अक्षर आहे, गोड मानून घे. तूच म्हणायचीस ना, नसीमची वेलांटी शेजारच्या अक्षराच्या डोक्यावर बसते.

ह्यांना आधी सर्जेरावांची रिक्षा होती. कारखान्याच्या क्वार्टरमध्ये आपण शेजारी होतो तेव्हा फाटकापाशी उभे असायचे तेच सर्जेराव. सकाळी दारात यायचे, ह्यांना हात देऊन बसवायचे, खड्डा आला की स्वतःच आधी आई गं म्हणायचे. मग त्यांच्याच मणक्याचं ऑपरेशन झालं, मुलाने रिक्षा विकून टाकली. आता मोबाइलवर रिक्षा बोलवायची. येतो म्हणतात, मग हॉस्पिटल ऐकलं की गायब. एकदा एक आला. येताना ह्यांना उलटी झाली. तसं दर वेळी होतं, ते मशीन माणसाला पिळून काढतं, मी पिशवी जवळ ठेवते, पण त्या दिवशी पिशवी उघडेपर्यंत व्हायचं ते झालं. त्याने होळकर पुलाच्या अलीकडे रिक्षा थांबवली आणि उतरा म्हणाला. मी भांडले. तुला माहीत आहे मी कशी भांडते. हे म्हणाले, नसीम, उतर, त्याची सीट खराब झालीय, त्याचंही बरोबर आहे. मग आम्ही दोघं फूटपाथवर बसलो, ऊन डोक्यावर, ह्यांच्या शर्टाची ती अवस्था, आणि शेजारून सगळं पुणं हॉर्न वाजवत चाललंय. तिथे बसून मी ठरवलं. दारात ह्यांची स्कूटर धूळ खात उभी आहे. ह्यांचं लायसन संपलं तेव्हा डोळ्यांच्या डॉक्टरने तक्त्यावरची सगळ्यात मोठी ओळ वाचायला सांगितली होती, हे म्हणाले तक्ता कुठल्या भिंतीवर आहे. घरी येऊन चावी खिळ्याला लावली, ती परत काढली नाही. म्हटलं, ती चावी मी काढते.

तुला आठवत असेल, क्वार्टरच्या मैदानावर ह्यांनी तुला शिकवलं होतं. मागून धरून पळायचे आणि ओरडायचे, वहिनी, समोर बघा, माझ्याकडे काय बघता! मला पण म्हणाले होते शीक. मी जिन्यात बसून तांदूळ निवडत होते. मी म्हटलं, मला कुठे जायचंय?

मग काय, डॉक्टरचं सर्टिफिकेट, आधार, फोटो, सगळं घेऊन गेले श्यामसुंदरच्या झेरॉक्सच्या दुकानात. आता शिकाऊ लायसनची परीक्षा कॉम्प्युटरवर असते, समोर कॅमेरा, मान हलवायची नाही. प्रश्न येतो, खाली उत्तरं येतात, बरोबर असेल त्यावर दाबायचं, वेळ पळत असतो. मी सगळं भराभर दाबलं. पिवळा दिवा लागला तर काय कराल? मी दाबलं, वेग वाढवाल. झेब्रा पट्ट्यावर माणूस उभा आहे, काय कराल? हॉर्न द्याल. पुढचा डावीकडे वळतोय, तर? डावीकडून काढाल. नापास. मी म्हटलं मशीन बिघडलंय. अगं, आयुष्य गेलं ह्या रस्त्यांवर, रोज डोळ्यांनी बघते लोक काय करतात ते! श्यामसुंदर पोट धरून हसला. म्हणाला, मावशी, कसं चालतं ते नाही विचारलं, कसं चालायला पाहिजे ते विचारलंय. मग हळूच म्हणाला, पुढच्या वेळी तुम्ही फक्त कॅमेऱ्यात बघा, माउस माझ्याकडे द्या, सगळ्यांचं असंच करतो. मला पटलं. खोटं कशाला बोलू, लगेच पटलं. काम झाल्याशी मतलब, उगाच तमाशा कशाला.

घरी येऊन सांगितलं तर हे खाटेवरून म्हणाले, परीक्षा श्यामसुंदरने दिली तर हॉस्पिटलला मला श्यामसुंदरच नेणार का? झालं. ह्यांचा आणि नियमाचा संसार तर तुला माहीतच आहे. सगळी नोकरी दारूगोळ्याच्या कारखान्यात गेली. गेटवर काडेपेटी काढून घेतात, पट्ट्याचं बक्कल काढून घेतात, बुटात खिळा चालत नाही. हे घरी येऊन पण गॅसजवळ मला बांगड्या वाजवू द्यायचे नाहीत. म्हणायचे, आमच्याकडे नियम कुणी हौसेने लिहीत नाही, कुणाचा तरी हात गेला की एक नियम वाढतो. आणि दुसरीही एक गंमत. माणसाला तोंडावर नाही म्हणणं ह्यांना जन्मात जमलं नाही. नाही म्हणायचं असलं की नियम काढायचे. तुमच्या मिस्टरांनी लग्नाला जायला स्कूटर मागितली होती, तेव्हा काय म्हणाले होते? इन्शुरन्स माझ्या नावाने आहे, दुसऱ्याने चालवली तर मान्य होत नाही. किती दिवस हसत होतीस तू त्यावर. म्हणायचीस, चांदभाईंना नाही म्हणता येत नाही, म्हणून सरकारला पुढे करतात.

तर मग ह्यांनी मला शिकवायला घेतलं. श्यामसुंदरकडून नियमांचं पुस्तक आणलं, मराठीतलं, बारीक छपाईचं. सकाळचा चहा झाला की मी वाचायचं आणि ह्यांनी खाटेवरून समजवायचं. प्रेमला, किती महिन्यांनी हा माणूस उशी पाठीला लावून बसला. डायलिसिसला मिळेल त्या रिक्षाने जातच होतो, पण ते नसेल त्या दिवशी दाढीसुद्धा करून घ्यायचे, मास्तर झाले ना! मी चित्रं तोंडाने सांगायची, लाल गोल, त्यात आडवी पांढरी पट्टी. हे म्हणणार, नो एन्ट्री, पुढे. गोल पाटी म्हणजे साहेबाचा हुकूम, मोडला तर दंड. त्रिकोणी पाटी म्हणजे शेजारणीची सूचना, ऐकली तर आपलंच भलं. ही त्यांची शिकवण, पण माझ्या डोक्यात पक्की बसली. मी कंटाळायचे. म्हणायचे, हात दाखवून वळायचं, इतकंच ना, त्याला चार पानं कशाला? ते ओरडायचे, परत वाच. पूर्वी आम्ही दोघं एकमेकांशी काय बोलायचो, मला आठवत नाही. बहुतेक भाजी, आमच्या पोराचा, शहेजादचा फोन आणि पाणी. पाणी मोजून द्यायचं असतं ना त्यांना. ते एक घोट मागतात, मी नाही म्हणते, दिवस संपतो. त्या पुस्तकामुळे आम्ही बोलायला लागलो. मला वाटलं, चला, मार्गी लागलं.

एका सकाळी मी वाचत होते, घाईत, एका दमात. शिकाऊ लायसनवाल्याने गाडीला लाल रंगात एल लावायचा. आणि मागे कुणाला बसवायचं नाही. बसलाच तर शिकवणारा, आणि त्याच्याकडे स्वतःचं चालू लायसन पाहिजे. वाचलं आणि पान उलटलं. माझं लक्षच नव्हतं, गॅसवर दूध होतं. हे म्हणाले, मागचं परत वाच. वाचलं. म्हणाले, सावकाश वाच. सावकाश वाचलं. थोड्या वेळाने म्हणाले, नसीम, आज चहा अर्धा कप जास्त दे. मी म्हटलं पाय सुजतील. म्हणाले, दे. मी दिला. मला काय कळलं? काही नाही. मला वाटलं, मास्तर खूश आहेत.

पास झाले. श्यामसुंदरला बाहेर उभं केलं आणि पास झाले. तो पेढे मागत होता, मी म्हटलं आधी प्रिंट काढ. घरी येऊन कागद ह्यांच्या हातात दिला. वाचता येत नाही, तरी बोटाने कडा चाचपून बघितल्या. म्हणाले, मुबारक हो. दारात स्कूटर चालू करायला लावली, खाटेवरून आवाज ऐकला, म्हणाले, अजून थोडी गरम होऊ दे. मी तर गल्लीत टेलरणीला मागे बसवून दोन फेऱ्या मारून शिकलेलीच होते, नियम गेला चुलीत. म्हटलं, सोमवारी निघू, टॉवेल मागे बांधते, माझ्या कमरेला धरून बसा.

म्हणाले, तू शिकाऊ आहेस. माझं लायसन संपलंय. मला मागे बसता येणार नाही. तुझं पक्कं होऊ दे, मग जाऊ.

मी हसले. म्हटलं, अहो, खडकीत तिघं तिघं बसून जातात, कोण विचारतं? म्हणाले, कुणी विचारायला कशाला पाहिजे? बरं, मग रिक्षा. म्हणाले, रिक्षातून एकदा उतरवलंय, आता कुणाची सीट खराब करणार नाही. तरीही सोमवारी मी रिक्षा दारात आणून उभी केली, तर हे भिंतीकडे तोंड करून निजले. ॲम्ब्युलन्सवाले आले, त्यांना म्हणाले, बाळांनो, चहा घ्या आणि जा. शहेजादने मस्कतहून फोन केला. आधी ओरडला, मग रडला. त्यालाही तेच सांगितलं, तुझ्या अम्मीचं पक्कं लायसन झालं की जाऊ, नियम आहे. शहेजाद मला म्हणाला, अब्बा वेडे झालेत. मी म्हटलं, वेडे नाहीत. आणि बोलता बोलताच माझं मला कळलं. अगं, हे सरकारला पुढे करत होते. किती वर्षं त्या खुर्चीत सुया टोचून घेत बसले, कधी नको म्हणाले नाहीत. म्हणणार कसे, मी डबा भरून तयार, शहेजाद तिकडून पैसे पाठवतोय, सर्जेराव दारात. नियम सापडत नव्हता. तो मी वाचून दाखवला. सावकाश वाच म्हणाले, तर सावकाश वाचून दाखवला.

पक्क्या लायसनची परीक्षा महिना झाल्याशिवाय देता येत नाही. डॉक्टरीणबाईंना जाऊन भेटले. त्या म्हणाल्या, जबरदस्ती करता येत नाही, आणि महिनाभर ते थांबणार नाहीत. म्हणजे शरीर थांबणार नाही. मी विचारलं, कसं होतं? त्यांनी सांगितलं. ते मी इथे लिहीत नाही. ह्यांना पण सगळं ठाऊक आहे, मागे कधीतरी त्यांनीच विचारून घेतलं होतं. पाय सुजलेत, सपाता चढत नाहीत. पाणी मागतात तेवढं देते. चहा तर भरून देते. पुस्तक संपलं, तरी सकाळी म्हणतात, वाच काहीतरी. मी पहिल्यापासून परत वाचते. आता निम्म्यात झोप लागते त्यांना. मी वाचत राहते, थांबले की जागे होतात.

आता हे पत्र कशाला लिहिलं ते सांगते. परवा म्हणाले, प्रेमलावहिनींना बोलव, बऱ्याच दिवसांत त्यांचं हसणं ऐकलं नाही. तर ये. कोथरूडहून मेट्रोने निघ, कोर्टापाशी बदल, खडकीला उतर. येताना तुझं लायसन घेऊन ये, मुदत आहे ना बघून घे. मी एल लावून खाली न्यायला उभी असेन. ह्या पुण्यात माझ्यामागे कायद्याने बसू शकेल अशी तू एकटीच माझ्या ओळखीची आहेस, आणि हे खाटेवरून पहिलं तेच विचारणार आहेत. तू म्हणशील, लायसन आहे तर चांदभाईंना मीच नेते हॉस्पिटलला. ते मी बोलून झाले. म्हणाले, वहिनींना इतक्या लांबून दर वेळी दगदग नको, आणि दुसऱ्याने चालवली तर इन्शुरन्स मान्य होत नाही. तेव्हा समजावायला येऊ नकोस. घरात हॉस्पिटलचं नाव काढायचं नाही. रडायचं असेल तर कोथरूडातच रडून ये. आल्यावर जुनं काहीतरी काढ आणि मोठ्याने हास, पूर्वी जिन्यात हसायचीस तसं. लवकर ये. किती लवकर, ते विचारू नकोस. मी सांगणार नाही. ह्याच्यापुढे मी काहीच सांगणार नाही.

तुझीच, वरच्या जिन्यातली,
नसीम