हप्ता मात्र तेवढाच

ता. ४ जून

चि. ठोंब्यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

फोनवर तू बघू बघू म्हणतोस आणि ठेवून देतोस, म्हणून लिहितेय. पत्र ठेवून देता येत नाही. निदान एकदा तरी वाचावं लागतं.

काल दुपारी वसतिगृहातल्या मुलींची जेवणं उरकल्यावर मी आपल्या बँकेच्या इथल्या शाखेत गेले होते. घराचं कर्ज पंधरा वर्षांचं, नोव्हेंबरात संपणार. माझी निवृत्तीही नोव्हेंबरातच. तेव्हा घराचे मूळ कागद परत मिळायला काय करावं लागतं, एवढंच विचारायचं होतं. इस्त्रीचे कपडे घालून गेले होते, लग्नाला जावं तशी. काउंटरवरच्या मुलीने संगणकाचा पडदा माझ्याकडे वळवला आणि अगदी गोड आवाजात सांगितलं, की अजून सात वर्षं पाच महिने बाकी आहेत.

मी तिला म्हटलं की बाई, खातं चुकलंय. खातं चुकलं नव्हतं. तुझं आणि माझं, दोघांची नावं तिथे होती. तीस लाख घेतले, आजवर पन्नास भरले आणि सतरा अजून द्यायचेत. वसतिगृहातल्या दोनशे मुलींच्या दुधापासून चादरींपर्यंत सगळा हिशोब मी सांभाळते रे, पण हे गणित काही केल्या जुळेना. घरी येऊन दोनदा तोंड धुतलं तरी कान गरमच होते.

नोव्हेंबरअखेर मला इथली खोली सोडायची आहे. नवी रेक्टर येऊन बघूनही गेली, पडद्यांचं मापसुद्धा घेतलं तिने. कर्ज फिटलं की मागची खोली माझी, असं आपलं ठरलं होतं. त्याच बोलीवर मी दर महिन्याला अर्धा हप्ता पाठवत आले. आता मला सरळ सांग, ही सात वर्षं कुठून आली आणि तुला कधीपासून माहीत आहे?

धाकटीला आणि चिमणीला आशीर्वाद. तुझ्यावर राग आहे, पण लोभ आहे तो आहेच.

तुझी,
ताई


ता. १२ जून

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र दुकानात वाचलं आणि त्या नादात एका गिऱ्हाइकाची डावी काच उजवीकडे बसवली. बावीस वर्षं चष्मे बनवतोय, असं कधी झालं नव्हतं. तुझ्या रागाची ताकद मान्य आहे.

पण मी काही चोरी केलेली नाही. कर्ज घेऊन दोन वर्षं झाली तेव्हा व्याजदर वाढला. बँकेने विचारलं, हप्ता वाढवायचा की मुदत? तेव्हा तुझा पगार किती होता आठवतंय? त्यातून अर्धा हप्ता पाठवून तुझ्याकडे काय उरायचं तेही मला ठाऊक होतं. म्हणून मी मुदत वाढवा म्हणालो. पुढे दर अजून वाढला, तेव्हाही तेच. हप्ता एकदाही वाढू दिला नाही, आणि ही मेहेरबानी मी तुला कधी बोलूनही दाखवली नाही. किती वर्षं वाढली ते मात्र मी विचारलं नाही, हे कबूल. वाटलं, असतील चार-सहा महिने. बाबांचं वाक्य तुलाच पाठ होतं ना, की भावंडांत हिशोब आला की माया जाते? त्याच घरात वाढलोय मी.

आणि तू आईच्या बांगड्या मोडून दीड लाख पाठवलेस, तेही मी दुसऱ्याच दिवशी भरले. पुढचे पाच महिने बँकेने हप्ता कापला नाही. किती हलकं वाटलं होतं! त्या पाच महिन्यांत वाचलेल्या पैशांत गच्चीची गळती बंद करून घेतली, ते मी तुला सांगितलंही होतं.

आता रागावू नकोस, सुचवतो. निवृत्तीला तुझा फंड मिळेल. तो घातला की कर्ज एका दिवसात निल. घर मोकळं, मागची खोली तुझी. बाहेरच्या कुणापुढे हात पसरायला नको. विचार कर.

चिमणीच्या गणिताच्या परीक्षेत बरे गुण आहेत. ती आत्यावर गेली असं ही म्हणते. लोभ असू द्यावा, थोडा कमी झाला असला तरी.

तुझा,
ठोंब्या


ता. १९ जून

चि. ठोंब्यास,
आशीर्वाद. या वेळी अनेक लिहवत नाहीत.

मी पुन्हा बँकेत गेले होते. त्या मुलीशेजारी खुर्ची ओढून बसले आणि सगळं समजल्याशिवाय उठणार नाही म्हणून सांगितलं. बिचारीने जेवणाचा डबा उघडला होता, तो तसाच राहिला.

नीट वाच. हप्ता भरला की बँक आधी आपलं व्याज उचलते, मग जे उरेल ते मुद्दलातून वजा होतं. पहिल्या वर्षी आपण भरलेल्या शंभरातले सत्तर व्याजात जात होते. दर वाढले तेव्हा तू हप्ता तेवढाच ठेवलास, म्हणजे व्याजाचा वाटा मोठा झाला आणि मुद्दलाचा आणखी लहान. शंभरातले जवळजवळ नव्वद व्याजात! दहाच रुजू होत होते. तुझी मेहेरबानी ती हीच. आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं, तसं आपण दोघं वर्षानुवर्षं दळत बसलो.

आणि आईच्या बांगड्या! ते पैसे मुद्दलात घाला, असं तू सांगायला हवं होतंस. तिथल्या माणसाने विचारलं, पुढचे हप्ते यातून वळते करू का, आणि तू मान डोलावलीस. म्हणून पाच महिने हप्ता कापला गेला नाही. कर्ज कमी झालं नव्हतं रे गाढवा, तुला नुसती सुट्टी मिळाली होती. त्या पाचही महिन्यांत मी माझा अर्धा वाटा पाठवत होते. आईने ज्या बांगड्या आजारपणातही विकू दिल्या नाहीत, त्या मी मोडल्या, आणि त्यांचं झालं काय, तर गच्चीवरचं डांबर.

फंड मी देणार नाही. एक पैसाही नाही. तेवढाच माझ्या म्हातारपणाला आधार आहे. तो बँकेच्या घशात घालून मी तुझ्या दारात हात हलवत येऊ? उद्या मला दवाखाना लागला तर पुन्हा तुझ्याकडेच मागू? इथे देवळामागे एक खोली भाड्याने मिळते आहे. मी ती बघणार आहे.

चिमणीला म्हणावं, आत्यावर गेलीस तर भावावर विश्वास ठेवताना जरा जपून.

ताई


ता. २७ जून

ती. ताईंस,
सा. न.

आजवर तुम्हाला पत्राच्या शेवटी दोन ओळी लिहिल्या, त्याही ह्यांनी जागा सोडली तर. आज पूर्ण पान माझं आहे. तुमची दोन्ही पत्रं मी वाचली. ह्यांनी ती शर्टाच्या खिशात ठेवली होती आणि कपडे मी धुते.

फंड देऊ नका. ह्यांनी कितीही गोड लिहिलं तरी देऊ नका. दिलात तर मी तुमच्याशी बोलणार नाही.

पण तुमचाही मला राग आला आहे. तुम्ही दोघं भावंडं एकमेकांना त्रास नको म्हणून गप्प राहिलात आणि त्या गप्पपणात माझंही आयुष्य गेलं. मला कुणी विचारलं? गाद्यांच्या कारखान्यात मी दिवसभर फोम कापते. माझा पगार घरखर्चाला, ह्यांचा हप्त्याला, असं लग्नानंतर लगेच ठरलं. मी दुसरी नोकरी बघते म्हटलं की हे म्हणायचे, हप्ता चालू आहे, धोका नको. चिमणीला भावंड हवं म्हटलं, तरी हप्ता चालू आहे. पाच खोल्यांचं घर, आणि त्यातल्या दोन खोल्यांत आम्ही पाय ठेवतो तो झाडू मारायला. मोठं घर, पोकळ वासा म्हणतात, ते मी रोज झाडते.

म्हणून काल मी ह्यांना सांगितलं की घर विकायचं. घराची किंमत चांगली वाढली आहे. कर्ज फेडून जे उरेल त्यात तीन खोल्यांचं घर येतं, डोक्यावर काही न ठेवता. त्यातली एक खोली तुमची. हे म्हणाले, लोक काय म्हणतील, घर विकून लहान घरात गेला. मी म्हटलं, लोक हप्ता भरायला येतात का? तेव्हापासून हे माझ्याशी बोलत नाहीत. जेवतात मात्र वेळेवर.

अर्धं घर तुमच्या नावावर आहे, तुमच्या सहीशिवाय काही होणार नाही. पुढच्या महिन्यात तिसऱ्या रविवारी एक जोडपं घर बघायला येणार आहे. रजा काढून या. रागावलेल्या असाल तर रागावलेल्याच या.

तुमची,
धाकटी


ता. २१ जुलै

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तू काल इथून गेलीस तेव्हा मी तुला पोचवायला स्टँडवर आलो नाही. मुद्दाम आलो नाही.

मी घर विकायला तयार झालो, ते कसा झालो ते माझं मला माहीत. रात्रंदिवस हिच्या शब्दांचा मार खाल्ला. भिंतींना रंग दिला, नळ बदलले. जोडपं आलं, चांगलं होतं, किंमतही मान्य होती. त्याने सहज सांगितलं की पंचवीस वर्षांचं कर्ज मंजूर झालंय, हप्ता अगदी परवडतोय. आणि तू! तू कुणाची कोण, त्या पोरीला आत नेलंस, जेवणाच्या टेबलाशी बसवलंस आणि कागद-पेन मागितलंस.

मी बाहेरून सगळं ऐकत होतो. पंचवीस वर्षांनी एकूण किती भरणार ते तिला मांडून दाखवलंस. दर वाढला तर काय कराल विचारलंस. कुणाला बरं नसेल, मूल झालं, नोकरी सुटली तर काय, तेही विचारलंस. ती पोरगी बाहेर आली तेव्हा तिचा चेहरा पांढरा पडला होता. चहा तसाच ठेवून गेले दोघं. ताई, आपण घर विकायला बसलो होतो की शिकवणी घ्यायला? अगं, जगात कुणीतरी आपलं घर घेईल तेव्हाच तुला खोली मिळणार आहे! शिकवायचंच होतं तर चौदा वर्षांपूर्वी मला शिकवायचंस.

ही हसते आहे. तिला हसू कसं येतं मला कळत नाही.

ठोंब्या


ता. २८ जुलै

चि. ठोंब्यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

माझं चुकलं असं मी म्हणणार नाही. ती पोरगी माझ्या वसतिगृहातल्या मुलींहून फार मोठी नाही. तिने घरात आल्या आल्या मला विचारलं, ही मागची खोली कुणाची? मी काय सांगणार होते? माझी व्हायची होती म्हणून सांगू? ती हसत हसत पंचवीस वर्षं लिहून द्यायला निघाली होती आणि मी चहात साखर किती विचारत बसू? आपल्याला कुणी त्या टेबलाशी बसवलं नाही याचाच मला राग आहे. बँकेने हप्ता सांगितला, दलालाने किल्ली दाखवली, एकूण किती होतील ते कुणीही मोठ्याने वाचून दाखवलं नाही. पुन्हा कुणी आलं तर मी पुन्हा सांगेन.

देवळामागची खोली मी बघून आले. स्वच्छ आहे. भाडं झेपेल. खिडकीही आहे.

आता तुला खरं लिहिते. मला तिथे एकटीने राहायची भीती वाटते. इतकी वर्षं भिंतीपलीकडे दोनशे पोरी खिदळत असायच्या आणि मी त्यांच्यावर ओरडत असायची. त्या खोलीत उभी राहिले तर काही म्हणजे काही ऐकू येईना. घरमालक भाड्याबद्दल बोलत होता आणि मला रडू फुटलं. त्याला वाटलं, भाडं जास्त वाटतंय. त्याने लगेच कमी केलं. तेवढा तरी फायदा झाला.

धाकटीच्या हसण्याला माझा आशीर्वाद. तुम्हा तिघांवर आहे तेवढाच लोभ आहे, मुदत न वाढवता.

ताई


ता. १४ ऑक्टोबर

ती. ताईस,
साष्टांग नमस्कार.

ते जोडपं ऑगस्टमध्ये परत आलं, हे तुला हिने कळवलंच आहे. आता दहाच वर्षांचं कर्ज, तिच्या वडिलांकडून थोडे, त्याची मोटारसायकल विकून थोडे. आणि येताना तुझाच तो कागद घेऊन आले! त्यावरूनच घासाघीस केली आणि दोन लाख पाडले. ते दोन लाख मी तुझ्या नावावर मांडले होते. हिने खोडले.

तू सही करून पाठवलेल्या मुखत्यारपत्रावर परवा सगळं पार पडलं. बँकेत कर्ज बंद केलं, मूळ कागद हातात आले. तेवढ्यात तिथला साहेब हसत हसत म्हणाला, की तुमचे हप्ते इतकी वर्षं एकदाही चुकले नाहीत, तुमच्यासारख्या गिऱ्हाइकाला आम्ही नव्या घरासाठी लगेच कर्ज देऊ, लहान घर कशाला घेता? ताई, मी आयुष्यात कधी परक्या माणसावर आवाज चढवला नाही. त्या दिवशी चढवला. काय बोललो ते आठवत नाही. पहारेकरी आत आला होता. हिने मला हाताला धरून बाहेर काढलं आणि रस्त्यात म्हणाली, लग्न झाल्यापासून आज पहिल्यांदा बरे दिसलात.

नवं घर तीन खोल्यांचं आहे. स्वयंपाकघरात दोन माणसं उभी राहिली की तिसऱ्याने बाहेर थांबायचं. तुझी खोली रस्त्याच्या बाजूला आहे. समोर शाळा आहे, मधल्या सुट्टीत कानठळ्या बसतात. मुद्दाम तीच तुला ठेवली.

आता शेवटचं. काल चिमणीला सांगितलं की आत्या नोव्हेंबरात येणार. ती म्हणाली, किती दिवसांसाठी? मी तिच्यावर एवढ्या जोराने खेकसलो की ती रडायलाच लागली. तिचा काही दोष नव्हता. तिच्या जन्मापासून तिने तुला सुट्टीत येणारी पाहुणी म्हणूनच बघितलंय. अर्धा हप्ता भरता यावा म्हणून तू फुकट खोली मिळते ती दूरची नोकरी धरलीस आणि तिथेच राहिलीस, हे तिला कुणी सांगितलंच नाही. मी न्हाणीघरात जाऊन नळ सोडून रडलो. मग बाहेर येऊन तिला जवळ घेतलं आणि सांगितलं, आत्या आता परत जाणार नाही.

ती तुझी वाट बघते आहे. आम्हीही. लोभ कमी झाला असला तर येऊन समोर बसून सांग.

तुझा,
ठोंब्या