अर्जदारही मीच, उत्तर देणाराही मीच

तीर्थस्वरूप आप्पांना जावयाचा साष्टांग नमस्कार. आपले गुडघे, सासूबाईंचा रक्तदाब आणि माझ्याबद्दलचं आपलं मत, तिन्ही पूर्वीसारखीच असतील असं धरून चालतो. परवा मी तुमच्या नातीशी, भिंगरीशी फोनवर बोलत असताना मागून तुम्ही म्हणालात, "बदली कसली अडकते? यायचंच नसेल त्याला!" ऐकू आलं बरं का, आप्पा. म्हणून हे पत्र. पूर्ण वाचा, मग हवे तर कान उपटा.

तुमच्या गावी, बायको-लेकीजवळ, बदलीचा हुकूम निघून दोन वर्षं झाली. पण 'कार्यमुक्त' केल्याशिवाय आमच्या सरकारी खात्यातला माणूस हलत नाही, आणि साहेब म्हणतात, तू गेलास तर कोर्टाची प्रकरणं कोण बघणार? (मी कागद पुढे ठेवायचा, त्यांनी न वाचता सही ठोकायची, ही आमची अकरा वर्षांची वहिवाट.) रजा मागावी तर रोज कुठली ना कुठली तारीख, आणि एका रविवारात जाऊन येण्यासारखं अंतर नाही. तीन निवेदनं दिली, सात स्मरणपत्रं दिली, उत्तर एकच: बघू. शेवटी म्हटलं, तोंड दाबून बुक्क्यांचा मार किती खायचा? ठोकला न्यायाधिकरणात अर्ज! तुम्ही बजावलं होतंत, पाण्यात राहून माशाशी वैर करू नये. अहो, पण मासा मीच की!

कारण नोटीस कार्यालयात आली ती शिपायानं इमानेइतबारे माझ्याच टेबलावर ठेवली. कोर्टाचं टपाल दुसरीकडे जाणार कुठे? मी फाइलवर सरळ लिहिलं, 'अर्जदार मी स्वतः असल्याने उत्तर अन्य कुणाकडून तयार करून घ्यावे.' साहेबांनी खाली शेरा मारला, 'नेहमीप्रमाणे कार्यवाही करावी.'

केली मग नेहमीप्रमाणे! एक अक्षर खोटं लिहिलं नाही: 'अर्जदाराचे म्हणणे खरे आहे. त्यास अडवून ठेवण्यास वरिष्ठांच्या सोयीखेरीज कोणतेही कारण नाही.' ठळक अक्षरांत टंकलं, सहीच्या जागी फुली केली, आणि साहेबांनी चहा पीत सही केली. ज्या भरवशावर मला सोडत नव्हते, तोच त्यांना नडला. निकाल लागला: सात दिवसांत सोडा. आता साहेब म्हणतात, चौकशी लावतो. खुशाल लावा म्हटलं, तिचंही उत्तर मीच लिहीन.

आपला,
कुठेही न पळालेला जावई

ता. क. माझं काम ताब्यात घ्यायला कुणी पुढे येईना, म्हणून कपाटाच्या किल्ल्या साक्षीदारांसमक्ष साहेबांच्याच हातात दिल्या आणि पोच मागितली. ती मात्र त्यांनी दोनदा वाचून सही केली.

ता. क. २ रविवारी सकाळी पोचतो. एवढं पाल्हाळ लावलं ते खरं एका विनंतीसाठी. परवा भिंगरीनं मला विचारलं, "बाबा, तुला पाय आहेत?" चौदा महिने तिनं मला फोनमध्ये छातीच्या वरच पाहिलंय. आहेत, असं तिला आधी सांगून ठेवा. दारात मला बघून ती तुमच्यामागे लपली, तर आप्पा, त्याची दाद मागायला कुठलंच न्यायाधिकरण नाही.