नाव नको, गोष्ट सांग

प्रिय आई,

तू जाऊन दोन वर्षं झाली, पण तुला एकही ओळ लिहिली नाही. गेलेल्या माणसांना पत्रं लिहिणाऱ्यांची मी आजवर यथेच्छ टवाळी केली आहे, तीही माझ्या विनोदी सदरात छापून. कात्रणं तूच जपायचीस. तरी आज लिहितेय, कारण काल मला भीती वाटली. आणि घरात दोन चांगली जिवंत माणसं असताना मला ती त्यांना सांगता आली नाही.

काल सुट्टी होती म्हणून झल्लाकला समुद्रावर गेलो होतो. परतताना गाडी मी चालवत होते, मिलिंद शेजारी डुलक्या घेत होता, मागे रेवा. दिवसभर पाण्यात डुंबूनही त्या पोरीच्या डोक्यात बुद्धिबळच! नात कोणाची?

"आई, क्विझ!" ती म्हणाली. "ऑपेरा सिंगर व्हायला निघालेला वर्ल्ड चॅम्पियन कोण?"

हे मला येतं! तूच सांगितलेलं. भरदार आवाजाचा तो माणूस, मोठ्या ऑपेराची परीक्षा द्यायला गेला, तिथे त्याला घेतलं नाही, मग पटावर जगज्जेता झाला. साठी उलटल्यावरही नातवाच्या वयाच्या पोरांना घाम फोडत होता. सगळं आठवलं. त्याचं नाव तेवढं आठवेना.

जिभेच्या टोकावर आहे असंही नाही. टोकावर असलं की निदान चव लागते. इथे काहीच नव्हतं, दात पडल्यावर राहते तशी नुसती जागा.

आणि माझ्या तोंडून निघालं, "नाव काय कोणीही सांगेल. नाव नको, गोष्ट सांग!"

मिलिंद दचकून जागा झाला आणि हसायला लागला. "आल्या बघ सासूबाई!" रेवाने टाळ्या वाजवल्या. "आई, यू साउंडेड एक्झॅक्टली लाइक आजी!"

माझे हात स्टिअरिंगवर गार पडले. एसी वाढलाय म्हणून मी तो कमी केला. मिलिंद म्हणाला, "अगं, उकडतंय." आई, बाहेर रस्ता वितळत होता आणि मी गारठले होते.

हा नियम तू कधी केलास गं?

काल रात्रभर तेच आठवत होते. सांगलीत, माझ्या लहानपणी, असला नियम नव्हता. तिथे नाव, देश, साल, समोर कोण होता, पहिली चाल कोणती, सगळं लागायचं. आडनाव चुकलं तर तू पोळी वाढायची थांबायचीस. राज्य स्पर्धा खेळलेली बाई स्वयंपाकघरात अडकली की पोळपाटाचाही पट होतो, असं बाबा म्हणायचे, तेही तू ऐकत नसताना.

"नाव नको, गोष्ट सांग" हे सुरू झालं ते इथे आखातात, सनाबिसच्या या फ्लॅटमध्ये, बाबा गेल्यावर तू आमच्याकडे राहायला आलीस तेव्हा. आम्हाला वाटलं, वयाबरोबर तू मवाळ झालीस. तू? आणि मवाळ? इतकी साधी शंका मला, लोकांच्या शब्दांत खोट शोधून पोट भरणारीला, आली नाही!

मंडळाचा संक्रांतीचा कार्यक्रम आठवतो? तिळगूळ वाटून झाल्यावर तू सगळ्या इंजिनियर-बँकरांना धरून बसवलंस आणि विचारलंस, "विश्वविजेतेपद अंगावर असतानाच मेलं कोण?" ते केळकर, ज्यांना पृथ्वीवरचं सगळं येतं, त्यांनी लगेच उत्तर दिलं. तू म्हणालीस, "अर्धं बरोबर. आणि बाई? बाई मोजायची राहिलीच ना! महायुद्धात घरावर बॉम्ब पडून गेली ती. तेव्हा बायकांचं विश्वविजेतेपद तिच्याकडेच होतं. तिच्याशी हरलेल्या पुरुषांचा म्हणे एक क्लबच होता. तुम्हाला लगेच सभासद करून घेतील, केळकर."

काय हशा पिकला! केळकर चिडून म्हणाले, "पण नाव सांगा ना काकू तिचं."

"नावं पाठ करायला तुम्ही आहात की बँकेत. मी गोष्टी सांगते."

पुन्हा हशा. मी तर अभिमानाने बघत होते. आणि गाडीत बसल्यावर तू हळूच विचारलंस, "मंजू, तिचं नाव व वरून होतं का गं?"

मला वाटलं, परीक्षा घेतेयस. मी म्हटलं, "आई, एक क्लू अजून दे."

तू खिडकीबाहेर बघत राहिलीस. आई, त्या वेळी तू नुसतं "आठवत नाही" म्हणाली असतीस तर काय बिघडलं असतं? इतकी कसली ऐट?

मग उत्तरं देणं तू बंदच केलंस, फक्त प्रश्न विचारायला लागलीस. घरात परीक्षक असला की त्याला कोणी प्रश्न विचारत नाही, हे तुझ्याइतकं कुणाला कळणार! लपायला तू जागा शोधलीस तीही सगळ्यांच्या डोळ्यांसमोर. एका दुपारी रेवा शाळेतून आली, दप्तर टाकलं, आणि तू मला म्हणालीस, "सांग बरं, ही मुलगी कोण?"

रेवा उड्या मारत ओरडली, "मी! मी! आय नो धिस वन!"

तू हसलीस. शाबास म्हणालीस. तुझ्या डोळ्यांत काय होतं ते मी आज बघतेय, इतक्या उशिरा. तू घाबरलेली होतीस ना?

तुला आवडणारी एक गोष्ट तू शेवटपर्यंत सांगायचीस. महायुद्धात परदेशी अडकलेला तो खेळाडू. घरच्यांची काही खबर नाही. म्हणून तो पट न बघता एकाच वेळी चाळीसेक जणांशी खेळला. कशासाठी? तर वर्तमानपत्रांत छापून यावं, मायदेशी घरातल्या कुणी वाचावं आणि त्यांना कळावं की हा अजून आहे. "वाचलं का गं कुणी?" मी दर वेळी विचारायचे. "वाचायला कोणी उरलंच नव्हतं," तू म्हणायचीस.

तूही तेच करत होतीस ना? पट दिसेनासा झाला होता आणि तू खेळत होतीस. मी अजून इथे आहे, हे कळवत होतीस. फरक एवढाच की तुझ्या घरचे सगळे होते, एकाच टेबलावर बसून पोहे खात होते.

आता माझं ऐक. तुझं नाक माझ्याकडे आलं, जीभ आली, सपाट पाय आले. चौथं काय आलंय? गेल्या महिन्यात मॉलच्या पार्किंगमध्ये गाडी सापडेना. मिलिंद म्हणाला, तिथे कुणालाच सापडत नाही. चाळणीला चाळणी म्हणायचं सुचेना तेव्हा "ते भोकांचं" म्हणाले आणि सगळे हसले. ऑफिसात मिटिंगमध्ये शेजारच्या बाईंचं नाव विसरले तर विनोद करून वेळ मारून नेली. आई, माझा तर धंदाच विनोदाचा! माझ्याइतकी चांगली लपायची जागा तुलाही नव्हती. सगळे हसत राहतील, आणि मी एक दिवस विचारेन, सांगा बरं, ही मुलगी कोण?

कदाचित हे काहीच नसेल. पन्नाशी, झोप नाही, फोन, उकाडा. मी स्वतःला हे रोज सांगते, आणि काल सांगितलं होतं का ते आठवून बघते.

मेमरी क्लिनिकची अपॉइंटमेंट मी एकदा घेतली होती. घरी बोलले नाही. आदल्या दिवशी फोन करून रद्द केली. रिसेप्शनवरच्या मुलीने हिंदीत कारण विचारलं, तर म्हटलं, "भूल जाऊंगी." ती खळखळून हसली. "फिर अगले हफ्ते, मॅडम? इंशाल्ला?" मीही हसले आणि फोन ठेवला. इतका यशस्वी विनोद मी आयुष्यात केला नसेल. खलास.

आत्ता रेवाला क्लासला सोडून मिलिंद येईल. चहा मागेल. त्याच्यापुढे तुझ्या नियमाची गोष्ट ठेवणार आहे, आणि मग माझी. अपॉइंटमेंट पुन्हा घेईन, आणि या वेळी त्याला बरोबर नेईन. तिथे विनोद करणार नाही. बरं, एखादा करेन, पण उत्तर दिल्यानंतर.

आणि रेवा पुन्हा क्विझ म्हणाली की, आई, तुला वचन देते, नाव येत नसेल तर मी म्हणेन, "आठवत नाही गं. तू सांग. मी खरंच विचारतेय."

तुझी,
मंजिरी

(नाव मुद्दाम पूर्ण लिहिलंय. गोष्ट तुला ठाऊक आहे.)