टोपडेवाल्यांची फिल्म

१० सप्टेंबर. सकाळी ७.
आजोबांच्या गावी पोचलो. फिल्मचं नाव पक्कं: 'तोंड फिरवू नका'. सगळा ग्रीस स्वतःच्या आठवणींना घाबरतो. मी नाही. उद्या गावातल्या एवांथियाआजींना सरळ विचारणार. एकोणीसशे त्रेचाळीस साली जर्मनांबरोबर टोपड्यात तोंड लपवून आलेला, बोट दाखवून सात जणांना भिंतीपाशी गोळ्या घालायला लावणारा माणूस कोण? ते डोळ्यांनी पाहणाऱ्यांपैकी आजी एकट्याच उरल्यात. वय एक्क्याण्णव.
आमच्या घराण्याला गावात 'टोपडेवाले' म्हणतात. आजोबा धनगर होते, धनगरांच्या घोंगड्याला टोपडं असतं. विषय संपला.

११ सप्टेंबर.
आजींनी पिटा, म्हणजे रानभाज्या भरून भाजलेली इथली पोळी, समोर ठेवली. प्रश्न अगदी ओठांवर आला, तेवढ्यात ऊन गेलं. पिटा कशी लाटतात ते शूट केलं. चाळीस मिनिटं. फार अर्थपूर्ण.

१३ सप्टेंबर.
शेळ्यांच्या घुंगरांमुळे साउंड खराब. पुन्हा पिटा.
कॉफीवाला लाम्ब्रोस सगळ्यांदेखत म्हणाला, "काय टोपडेवाले, विचारलंत का म्हातारीला? की अजून पीठच मळताय?" मी हसलो. अर्धा कप तसाच ठेवून उठलो. कॉफी फारच कडक देतो तो.

१५ सप्टेंबर.
इथे कोण वाचतंय, म्हणून लिहितो: भीती वाटते. ते बोट दाखवणारे आजोबाच असले तर? बाबांनी मरेपर्यंत या गावात पाऊल टाकलं नाही. अर्थात, त्यांना डोंगराची हवा सोसायची नाही.

१७ सप्टेंबर.
आज विचारलंच! म्हणजे जवळजवळ. "आजी, त्या दिवशी..." म्हणालो आणि उगाच लेन्स पुसली. "त्या दिवशी पिटात काय घातलं होतंत?"
आजी बघतच राहिल्या. "पोरा, तू नक्की काय विचारायला आलायस?"
बॅटरी आणतो म्हणून उठलो. गाडीत अर्धा तास बसलो. बॅटरी खिशातच होती. परत आलो तर कॅमेरा चालूच.

१८ सप्टेंबर.
कालचं रेकॉर्डिंग ऐकायला चौथ्या प्रयत्नात हेडफोन कानाला लावले. आजी माझ्या रिकाम्या खुर्चीशी बोलत होत्या.
"गेला पळून. आजोबावर गेलाय अगदी. बोट दाखवणारा खालच्या गावचा होता, बाळा, सगळ्यांना ठाऊक आहे. तुझा आजोबा टेकडीवर पहाऱ्याला होता. गाड्या दिसल्या की देवळाची घंटा वाजवायची, एवढंच काम. त्यानं गाड्या पाहिल्या, टोपडं डोळ्यांवर ओढलं आणि शेळ्यांत पडून राहिला. सतरा वर्षांचा होता, घाबरला. घंटा वाजली असती तर माझा भाऊ रानात पळाला असता. मी केव्हाच माफ केलं त्याला. हे तुझ्या तोंडावर सांगायचं होतं, तर तू खुर्चीतच नाहीस."
आजोबा गद्दार नव्हते! सुटलो! नंतर बराच वेळ डोळ्यांतून पाणी. धुळीची ॲलर्जी. पण ठरलं: उद्या आजींसमोर बसायचं, त्यांच्या डोळ्यांत बघून सगळं ऐकायचं.

१९ सप्टेंबर. दुपारी १. पेट्रोल पंप, अथेन्सच्या वाटेवर.
फिल्मचं नवं नाव: 'डोंगरातली पिटा'. फुटेज भरपूर आहे. आजींचं ते बोलणं वापरता येणार नाही, फ्रेममध्ये रिकामी खुर्ची येते.
सकाळी आजी अंगणात दोन कप मांडून बसल्या होत्या. माझ्याच वाटेकडे बघत होत्या. मी जाकिटाचं टोपडं पुढे ओढलं आणि समोरून गाडीकडे गेलो. वारा खरंच फार गार होता.