तीन मुसळांचा न्गोमा

कापुम्बा,
४ जून १९८६

प्रिय मासेंगोताई,

नमस्कार. इकडे आम्ही ठीक आहोत. नदी उतरली, मासे मुबलक आहेत, त्यामुळे प्रत्येकाच्या परसात धूर आणि प्रत्येकाचे डोळे लाल. रेल्वेच्या गार्डसाहेबांबरोबर धुरी दिलेल्या माशांची एक टोपली पाठवली आहे. तुझी नात मुजिंगा तुला हे पत्र वाचून दाखवेल तेव्हा तिला सांग, आजोबांच्या अक्षराला हसू नकोस. मास्तर पेन्शनीत गेला की त्याचं अक्षरही जातं.

रिकाम्या मास्तरला लोक काम लावतातच. लुबुंबाशीच्या विद्यापीठातून एक बाई आल्या होत्या, आपल्या भाषेचा कोश करताहेत. त्यांनी मला तीनशे कोरी कार्डं दिली. एका कार्डावर एक शब्द आणि समोर एका ओळीत अर्थ. 'होडी' झालं, 'पाऊस' झालं. 'सासू'सुद्धा मी एका ओळीत बसवली. मोंगा मावशीच्या मते जन्मात मी केलेला हा एकच पराक्रम. पण 'न्गोमा'पाशी माझी गाडी अडली.

सुताराला विचारलं. तो म्हणाला, "मास्तर, एवढं शिकून हे विचारता? पोकळ लाकूड, वर कातडं." आतून त्याची बायको ओरडली, "आणि परवा मी न्गोमाला गेले होते, ते काय लाकूड बघायला? चार गावची माणसं नाचत होती तिथे." मासे न्यायला येणाऱ्या ट्रकच्या ड्रायव्हरला विचारलं, तर त्याने किन्शासाच्या कुठल्याशा बँडची कॅसेट लावली आणि म्हणाला, "हा काय. ऐका." वैदूबुवा म्हणाले, ज्या दुखण्याला गोळी लागू पडत नाही त्याला न्गोमा लागतो. रोग्याला मधे बसवून आठ दिवस त्याच्याभोवती नाचावं, गावं. तेव्हा न्गोमा म्हणजे औषध. मग म्हणाले, "आणि कधीकधी तो आजारच."

शेवटी मोंगा मावशीकडे गेलो. ती म्हणाली, "मला काय विचारतोस? तुझ्या बहिणीला विचार. लिकासीला घेऊन गेलीय ती, सगळाच्या सगळा."

मावशी खोटं बोलली नाही. ताई, तुला तोंडावर कधी सांगितलं नाही, ते आज लिहितो. म्वेपूदाजींचे तिन्ही ढोल, आईढोल, मधला आणि लहान, फादरांनी सैतानाचे म्हणून मिशनच्या आवारात जाळले, तेव्हा गावाला वाटलं, संपलं. दाजींनी त्यानंतर लाकडाला हात लावला नाही. नवा ढोल करावा तर पुन्हा जाळतील. आणि एक दिवस संध्याकाळी तू उखळ अंगणाच्या मधोमध ओढलंस, मोंगा मावशीला हाक मारलीस, तिच्याकरवी शेजारच्या नुम्बीला बोलावलंस आणि तिघींनी कसावा कुटायला घेतला. आईढोलाचा ठेका तुझ्या मुसळावर, मधल्याचा मावशीच्या, लहानाचा नुम्बीच्या. मी रस्त्यावर होतो. ऐकून पाय जागच्या जागी थांबले. फादरसुद्धा तिथून गेले, आणि मला कौतुकाने म्हणाले, "मास्तर, या गावच्या बाया फार कष्टाळू आहेत." त्यांना काय ठाऊक, त्या बायांनी सगळा न्गोमा त्यांच्या डोळ्यांदेखत चालू ठेवला होता. पंचवीस वर्षं, पिठाबरोबर. तुझ्याइतकं धीराचं माणूस मी दुसरं पाहिलं नाही. कार्डावर अर्थाच्या जागी तुझं नाव लिहून मोकळं व्हावं, असं खूपदा मनात येतं.

आता बातमी. नुम्बी गेली. मार्चमध्ये, चार दिवसांच्या तापाने. वीस जुलैला दुखवटा सोडायचा आहे, आणि तिच्या लेकीची, कालेंगाची, एकच इच्छा आहे की आईला निरोप द्यायचा तो न्गोमानेच. आईचा लहान ठेका तिला येतो. मधला मोंगा मावशीकडे आहे. आईढोलाचा ठेका तुझ्याशिवाय कोणाच्याच हातात नाही. सुताराने ढोल करून दिलेत, पण नुसत्या ढोलांचं काय करायचं?

तुझ्या आणि नुम्बीच्या मधे काय होतं ते सगळ्या गावाला माहीत आहे. मी त्यात पडत नाही. तू ये, एवढंच.

तुझा धाकटा भाऊ,
मुकालाय


कापुम्बा,
२३ जून १९८६

प्रिय मासेंगोताई,

तुझं उत्तर मिळालं. 'नुम्बीने माझ्या नवऱ्याचे ढोल जाळवले. ती जिवंत होती तोवर तिच्याशी एक शब्द बोलले नाही, आता मेल्यावर तिच्या अंगणात नाचायला येऊ? मासे चांगले होते.' मुजिंगाचं अक्षर खरंच सुरेख आहे.

तीन ओळींच्या उत्तराला मी पाच दिवस घेतले. चार पत्रं लिहून फाडली. चारही पत्रांत मी तुला समजावत होतो, की मेलेल्या माणसावर राग धरू नये वगैरे. शाळेत मुलांना सांगायचो तसलंच.

मुजिंगा, बाळ, तूच वाचत असशील. पुढे काहीही आलं तरी थांबू नकोस आणि एक शब्दही गाळू नकोस.

ताई, ढोल नुम्बीने दाखवले नाहीत. मी दाखवले.

तिच्या कणगीत, मक्याखाली ढोल पुरलेले आहेत हे चौघांनाच ठाऊक होतं. तू, दाजी, नुम्बी आणि मी. मीच तर दाजींबरोबर ते वाहून नेले होते. दोन दिवसांनी फादरांनी मला व्हरांड्यात बोलावलं, बसायला खुर्ची दिली. म्हणाले, "मुकालाय, तुम्ही शिकलेले. तुम्ही तरी खरं सांगाल." मला कोणी धमकावलं नाही, की काही देऊ केलं नाही. बावीस वर्षांचा होतो मी, आणि एक गोरा माणूस मला खुर्ची देऊन विचारत होता, तेवढ्याने मी फुगलो. आणि आत आणखी एक होतं, तेही लिहितो. दाजींनी मला ढोलावर कधी बसू दिलं नाही. सगळ्यांसमोर हसून म्हणाले होते, "तुझे हात खडूचे आहेत रे, याला लागत नाहीत." ते मला खुपत होतं. मी बोटाने कणगी दाखवली.

त्याच सकाळी नुम्बी तापलेल्या कालेंगाला पाठीशी बांधून मिशनच्या दवाखान्यात गेली होती. पोरीला इंजेक्शन मिळालं, पोर वाचली. ती परतेपर्यंत ढोल जळत होते. लोकांनी दोन आणि दोन जोडले. "सुईच्या बदल्यात ढोल दिले हिने," हे पहिल्यांदा तू म्हणालीस. मी तुझ्या शेजारीच उभा होतो. एक वाक्य पुरलं असतं.

नंतर एकदा ती माझ्याकडे आली. शाळा सुटली होती, मी फळा पुसत होतो. दारातूनच म्हणाली, "मास्तर, त्या दिवशी तुम्ही फादरांच्या व्हरांड्यात बसला होतात ना? मी दवाखान्यातून पाहिलं." मी म्हणालो, "नाही, तो दुसरा कोणी असेल." ती "बरं" म्हणाली आणि गेली. त्यानंतर मरेपर्यंत ती याबद्दल मला किंवा दुसऱ्या कोणाला एक अक्षर बोलली नाही. बोलली असती तरी शाळेच्या मास्तरपुढे तिचं कोण ऐकणार, हे तिला कळलं असणार.

कालेंगाला शाळेत पोरं 'सुईवाली' म्हणून चिडवायची. मी त्या पोरांना छड्या मारायचो. मला वाटायचं, तेवढ्याने काही भरून निघतंय.

आणि रोज संध्याकाळी तुमच्या मुसळांचा आवाज यायचा. गावाने जिला वाळीत टाकलं ती नुम्बी तुझ्या अंगणात येत राहिली, कारण लहान ठेका तिच्याचकडे होता. तू तिच्याकडे न बघता कुटायचीस. ती मान खाली घालून कुटायची. मी घरात बसून कान झाकून घ्यायचो. मागच्या पत्रात तुझ्या धीराचं एवढं लिहिलं, पण ताई, खरा धीर तिचा होता. रोज तो उंबरा ओलांडायला माझ्यासारख्याची छाती झाली नसती.

माझ्यासाठी येऊ नकोस. तिच्यासाठी ये. तू आली नाहीस तर कालेंगा ट्रकवाल्याची कॅसेट लावून आईला निरोप देईल. तिला मी अजून काही सांगितलेलं नाही. आधी तुला सांगायचं होतं, असं स्वतःला सांगतो. खरं म्हणजे मला भीती वाटते.

ज्याने कणगी दाखवली तो,
मुकालाय


लिकासी,
५ जुलै १९८६

मुकालाय,

मुजिंगाने सगळं वाचलं. मधे थांबली नाही. वाचून झाल्यावर ती रडली. मी उठून शेजारणीच्या अंगणात गेले, तिचं मुसळ उचललं आणि कुटायला लागले. शेजारीण म्हणाली, "आजी, उखळात काहीच नाही." मी म्हटलं, "मला दिसतंय." खूप वेळ कुटलं. हात दुखायला लागले तेव्हा घरी आले आणि मुजिंगाला म्हटलं, घे कागद.

तुला शिव्या घालायला सुरुवात केली होती. पोरगी लिहीत नव्हती, म्हणून सोडून दिलं. तुझ्या तोंडावर घालीन.

तुला ठाऊक नसलेलं एक मी सांगते. म्वेपूचा नियम होता, आईढोल पाहिजे तिकडे भटकू दे, पण लहान ढोलाने कोणासाठी थांबायचं नाही. तो थांबला की सगळे पडतात. म्वेपू गेला त्या वर्षी माझा ठेका तुटायचा. कुटताना मधेच त्याचा चेहरा समोर यायचा आणि मुसळ वरच राहायचं. तेव्हा नुम्बी थांबायची. एक ठोका, कधी दोन. मला ठेका परत सापडला की पुढे जायची. मोंगा तिच्यावर खेकसायची, "काय गं, झोपलीस काय?" ती म्हणायची, "चुकलं माझं, मावशी." रोज. वर्षभर. मी मनात म्हणायचे, पाप टोचतंय हिला, म्हणून माझ्यापुढे नमते. आणि मला बरं वाटायचं, मुकालाय. तिला रोज 'चुकलं' म्हणताना ऐकून मला बरं वाटायचं.

आता तू सांगतोस, तिचं काही चुकलंच नव्हतं. मग ती का थांबत होती? या वयात मला हे रोज विचारत बसायचं आहे.

तुझ्या कार्डावर माझं नाव घालायचं म्हणत होतास. घालू नकोस. घालायचंच असेल तर तिचं घाल.

मी येते. बारा तारखेच्या गाडीने बुकामाला उतरेन, पुढे होडीने. तू स्टेशनवर येऊ नकोस, कालेंगाला पाठव. पण ती निघण्याआधी तिला सगळं सांग, तू केलंस ते आणि मी बोलले तेही. गाडीतून उतरल्याबरोबर मी तिच्यापुढे गुडघे टेकणार आहे. का, ते तिला ठाऊक नसेल तर म्हातारी पडली म्हणून ती मला उचलायला धावेल. तसं व्हायला नको. सगळं माहीत असून तिला मला तिथे जमिनीवरच ठेवून जायचं असेल, तर जाऊ दे तिला. मी दुसऱ्या होडीने येईन.

सुताराचे ढोल त्याच्याकडेच राहू देत. नुम्बीसाठी मी उखळावरच वाजवणार. मोंगाला सांग, मुसळं पाण्यात घालून ठेव, सुकून चिरली असतील.

वीस तारखेला पहिला ठोका पडायच्या आधी तू अंगणाच्या मधोमध उभं राहायचंस आणि बोलायचंस. वर्गात बोलायचास त्या आवाजात, मागच्या माणसाला ऐकू जाईल असं. तुझं झालं की मी बोलेन. तू तोंड उघडलं नाहीस तर मी मुसळ उचलणार नाही, आणि का उचलत नाही ते सगळ्या गावाला मीच सांगेन.

क्षमा मला मागू नकोस. ती जिच्याकडे मागायची, तिच्याकडे जायला आपण दोघांनीही उशीर केला.

खाली मुजिंगाने आपल्या मनाने 'तुझी ताई' असं लिहिलं होतं. मी तिला ते खोडायला लावलं. वीस तारखेला तुझं बोलणं ऐकेन, मग बघू.

मासेंगो