सगळं हिरवं आहे, मावशी

तीर्थस्वरूप मावशीस,

शिरसाष्टांग नमस्कार. (लिहिताना खुर्चीतच बसलो होतो, तेव्हा आठांपैकी जेवढी अंगं वाकली तेवढी गोड मानून घे.) तुझे गुडघे काय म्हणतात? काकांनी पहाटे गाणं म्हणायचं अजून सोडलं नसेल तर त्यांनाही नमस्कार, आणि शेजाऱ्यांना माझी सहानुभूती. मी खुशाल आहे. आई मी वाळलोय असं सांगेल, तिकडे लक्ष देऊ नकोस.

पत्राचं निमित्त म्हणजे तुझी फाइल. निवृत्त होताना आमच्या पार्सल कंपनीत तू मागे ठेवून गेलीस ना, तीच. तुझ्या खुर्चीवर बसूनही तिची थोरवी मला उशिरा कळली. पार्सलं वाहून नेणारे पट्टे फिरवणारा प्रोग्राम, वजन करणारा, लेबलं छापणारा, गाड्या लावणारा, सगळे आपापल्या तंद्रीत. आणि तुझी ती एकच फाइल सगळ्यांत सामायिक. स्वतः एक पार्सल हलवत नाही. नुसती प्रत्येकाजवळ बसून चौकशी करते, दमलास का, अडलास का, चुकलास का, आणि आलेलं उत्तर भिंतीवरच्या मोठ्या पडद्याला कळवते. घरातलं थोरलं माणूस भाजी निवडता निवडता कोण उपाशी आहे ते बरोबर ओळखतं, तशी. आणि मधूनमधून तू लिहिलेल्या सूचना! ‘इथे घाई करू नये. मी केली होती.’ अशी ओळ प्रोग्रामात लिहायला छाती लागते, मावशी. मी तर घाई करूनही लिहिलं नसतं.

आणि घाई मी केलीच. लेबलांचा प्रोग्राम सुरू होताना जरासा रेंगाळायचा. शोध घेतला तर वाटेत तुझी फाइल. मी म्हटलं, काम ना धाम, नुसत्या चौकशा! दिली पुसून. (तुला एक फोन करता आला असता. पण विनाशकाले विपरीत बुद्धी, दुसरं काय.) सामायिक विहीर बुजवली की एकट्याचंच पाणी तुटत नाही, हे ज्ञान मला लगेच झालं, कारण सगळेच प्रोग्राम फाइल सापडत नाही म्हणून अडून बसले. मग मी अक्कल चालवली. त्याच नावाची नवी फाइल केली, बाहेरून हुबेहूब, आत शून्य. कोणाला काही विचारत नाही, कोणाला काही सांगत नाही. प्रोग्राम झटक्यात सुरू झाले आणि भिंतीवरचा पडदा या टोकापासून त्या टोकापर्यंत हिरवागार! कारण तक्रार आली नाही की हिरवं दाखवायचं, ही आमच्या साहेबांची कल्पना. (तू तेव्हा विरोध केला होतास म्हणे. तुझी दृष्टी ती दृष्टी.)

साहेबांनी इतकं हिरवं जन्मात पाहिलं नव्हतं. ते पाहुण्यांना घेऊन आले. त्याच वेळी मधला पट्टा अडला होता आणि पार्सलांचा ढीग खिडकीला लागला होता. हॉलचे मुकादम धापा टाकत आले, पट्टा अडलाय म्हणाले. साहेबांनी प्रेमाने पडद्याकडे बोट दाखवलं. मुकादमांनी पडदा पाहिला, ढीग पाहिला, मग मला पाहिलं आणि म्हणाले, “मग साहेब, पडद्यालाच सांगा पार्सलं उचलायला.” पाहुणे हसले, त्यांना तो विनोद वाटला. मला वाटला नाही.

तेव्हापासून मुकादमांची माणसं हॉलभर धावतात आणि कुठला पट्टा अडला ते डोळ्यांनी बघून येतात. तुझी फाइल जे बसल्याजागी करायची ते आता दमलेल्या पायांनी चाललंय. त्यांना पाहिलं की मला लाज वाटते, आणि तुझा अभिमानही वाटतो. असो. मी सगळं मार्गी लावतोय, तू काळजी करू नकोस. गुडघ्यांना जप.

तुझा,
धाकटा भाचा

ता. क. मार्गी लावतोय म्हणजे असं, की पुसताना मी प्रत ठेवली नव्हती. तुझ्या जुन्या कॉम्प्युटरवर ती फाइल असेल तर आजच्या आज पाठव.

आणखी एक. हिरव्या पडद्याबद्दल साहेब मला विभागप्रमुख करताहेत. आईने गल्लीभर सांगूनही टाकलंय. फक्त त्यांना ‘नवी फाइल जुनीपेक्षा सरस आहे’ असं मूळ फाइल लिहिणाऱ्या व्यक्तीकडून लिहून हवंय. दोनच ओळी. मायेने लिहिशील ना?

शेवटचं. पाकीट चिकटवत होतो तेवढ्यात मुकादम पाणी प्यायला आत आले आणि पडद्याकडे पाठ करून बसले. त्या दोन ओळी राहू दे, मावशी. फाइल तेवढी पाठव. साहेबांशी मी बोलतो, आईशी तू बोल.